तिसरं ओयेज

आमच्या घरात कुणी कुणाचं ऐकत नसे. ही तक्रार नव्हे. घराचा पत्ता सांगावा तसं सांगतेय. उमरग्याच्या अंगाला, अर्धं मराठी नि अर्धं कानडी बोलणारं आमचं गाव, त्याच्या पेठेत थोरल्या काकांचं कापडाचं दुकान आणि दुकानाच्या पाठीमागं आम्ही. पुढं काका गिऱ्हाइकापाशी खणाच्या पक्क्या रंगाच्या शपथा घेत, मागं काकू चुलीपुढून परसातल्या गड्याला हाका मारी, मधल्या सोप्यात आम्ही पोरं पाढे घोकत असू, आणि ज्याला जे सांगायचं ते तो जिथं असेल तिथून, दुसऱ्याचं मधेच तोडून, वरच्या पट्टीत सांगे. भांडण मराठीत सुरू होई, रंगात आलं की कानडीत शिरे, आणि माझे वडील, म्हणजे अप्पा, घरी असले तर उर्दूत मिटे. कारण अप्पा तालुक्याच्या अदालतीत वकील होते, राज्य निजामाचं म्हणून तिथला सगळा कारभार उर्दूत चाले, आणि निवाड्याच्या थाटात काही बोलायचं म्हटलं की त्यांच्या तोंडी तीच भाषा येई. आता माझ्या कानात मशीन आहे. सुनेला वाटतं, म्हातारपणानं सासूबाईंचे कान गेले. मला पक्कं ठाऊक आहे, ते पेठेतल्या त्या घरातच खर्ची पडले.

या सगळ्यात एकच माणूस गप्प असायचं, ती माझी आई. तिला आम्ही अव्वा म्हणायचो. तिचं माहेर पार कानडी मुलखातलं. मराठी तिला सगळी येई, पण बोलायच्या आधी ती वाक्य मनात जुळवून घेई आणि तिचं जुळेपर्यंत विषय दोन घरं पुढं गेलेला असे. शिवाय थोरल्या दिरापुढं भावजयीनं तोंड उघडायचं नाही, ही आमच्याकडची रीत. काका सोप्यात आले की अव्वा पदर पुढं ओढून आत. तिला काही सांगायचंच असलं तर ती भांडं जरा जोरात ठेवी. आम्हा पोरांना ती भाषा चांगली येत होती. तांब्या आपटला की पाणी संपलं, परात आपटली की जेवायला चला, आणि उलथनं तव्यावर दोनदा वाजलं की काकूचं काहीतरी मनाला लागलंय. पुढं मी जन्मभर मुलींना भाषा शिकवली, पण एवढी मोजकी आणि नेमकी भाषा मला पुन्हा कुठं भेटली नाही.

एका संध्याकाळी अप्पा अदालतीतून तणतणत आले. त्यांचं म्हणणं मुन्सफसाहेबांच्या कानापर्यंत पोचलंच नव्हतं, कारण बाहेर व्हरांड्यात पक्षकारांचा गलका. अप्पांनी पगडी खुंटीला लावली, पाणीसुद्धा न पिता कोनाड्यातलं जाडजूड इंग्रजी पुस्तक काढलं आणि मला हाक मारली. हे पुस्तक त्यांना सोलापूरच्या एका म्हाताऱ्या वकिलानं दिलेलं. त्याची सुरुवातीची पानं वाळवीनं खाल्ली होती, त्यामुळं अप्पांचा इंग्रजी कायदा नेहमी मधूनच सुरू व्हायचा. मला ते रोज दिवेलागणीला थोडं थोडं इंग्रजी शिकवत. पोरीला इंग्रजी कशाला, असं काकू विचारी, अप्पा म्हणत, “मलाबी कुणीतरी ऐकणारं पायजे की.”

“हे बघ नंदा,” अप्पा म्हणाले, “विलायतेत अदालत बसायच्या आधी एक पुकाऱ्या उभा राहतो. अन् तीनदा वरडतो. ओयेज, ओयेज, ओयेज! की समदी चिडीचूप.”

“म्हंजे काय?”

“म्हंजे ऐका. एकट्यादुकट्याला न्हाय, समद्यास्नी. आपला दवंडीवाला म्हणतो न्हवं, ऐका हो ऐका, तसं.”

मी शहाणी होते. “ऐकण्याला इंग्रजीत निराळाच शब्द तुम्ही शिकवला व्हता,” मी म्हटलं. अप्पांना असला प्रश्न म्हणजे उपाशी माणसाला पुरणपोळी. ते मांडी ठोकून बसले. हा शब्द मुळी इंग्रजांचा नव्हेच, त्यांनी सांगितलं. फार जुन्या काळी त्यांच्यावर परक्यांचं राज्य झालं, राजाची भाषा फ्रेंच, म्हणून अदालतीतही फ्रेंच. घरात लोक इंग्रजी बोलत आणि कज्ज्याला गेले की भलतीच भाषा ऐकत. पुढं ते राज्य गेलं, ती भाषा गेली, पण पुकाऱ्याच्या तोंडी तेवढा एक शब्द चिकटून राहिला. “आता वरडणाऱ्यालाबी त्येचा अर्थ ठावं नसतो. वरडायचं असतं म्हणून वरडतो.” एवढं सांगून त्यांनी दाराकडं नजर टाकली आणि आवाज खाली आणला. “रयतेची भाषा एक अन् अदालतीची एक. आपल्याकडंच असतं असं न्हाय.” ते दिवस असे होते की घरातल्या घरातही अशी वाक्यं हळू बोलायची.

काकू भाकरी थापता थापता म्हणाली, “आपल्या येळवशीच्या ओलगेवानी म्हणा की.” हे तिनं फार बरोबर पकडलं. येळवस म्हणजे मार्गशीर्षातली अमावस्या. त्या दिवशी आमच्या भागात दुपारी गावात माणूस उरत नाही म्हटलं तरी चालेल. सगळं गाव शेतात जेवायला. पूजा झाली की एकजण आंबिलाचं मडकं घेऊन पिकाभोवती शिंपडत फिरतो आणि “ओलगे, ओलगे” असं ओरडतो, मागून बाकीचे ओरडतात. ओलगे म्हणजे काय ते आमच्या गावात कुणालाच सांगता यायचं नाही. कानडी लोक म्हणत, मराठी असेल. मराठी म्हणत, कानडी असणार. पण न ओरडता जेवायला बसायची कुणाची छाती नव्हती.

“तीनदाच का?” मी विचारलं.

“पहिली हाक जवळच्यासाठी. दुसरी लांबच्यासाठी.”

“अन् तिसरी?”

अप्पांनी जरा विचार केला. “तिसरी, ज्येला ऐकू आलंय पर ऐकायचं न्हाय, त्येच्यासाठी.” पुस्तकात असलं काही नव्हतं, हे मला फार पुढं कळलं. ही अप्पांची पदरची भर. मग त्यांनी आणखी एक गोष्ट सांगितली. पुकाऱ्या स्वतःचं काही म्हणजे काही सांगत नाही. तो नुसती वाट करून देतो; बोलणारा दुसराच असतो. हा भाग मात्र त्या संध्याकाळी कुणाच्या डोक्यात शिरला नाही, कारण तेवढ्यात काकूची भाकरी करपली आणि त्यावरून सगळे एकदम बोलायला लागले. अप्पा उठून उभे राहिले, छातीवर हात ठेवला आणि गरजले, “ओयेज! ओयेज! ओयेज!”

घर गप्प झालं. खरंच झालं. पुढं दुकानात काका गज हातात धरून तसेच थांबले. शेजारची म्हातारी भिंतीवरून डोकावली आणि विचारती झाली, “कुणाला इंचू चावला वं?” अप्पांनी त्या शांततेत तिथल्या तिथं कायदा केला. ज्यानं तीनदा ओयेज म्हटलं, त्याचं बोलणं संपेपर्यंत कुणी मधे बोलायचं नाही. मग तो काका असो की काकांचा धाकटा बसू. काकांनी मान डोलावली. आपल्याखेरीज या घरात सांगण्याजोगं कुणापाशी काही नाही, असा त्यांचा प्रामाणिक समज होता.

दुसऱ्याच दिवशी सकाळी काकूनं चुलीपुढं तीन हाका घातल्या आणि विरजणात बोट कुणी घातलं ते विचारलं. त्या शांततेत बसूला उचकी लागली आणि तो सापडला. मग काय, ज्याला त्याला कायदा सुचू लागला. मी तीनदा ओयेज म्हणून अख्खी कविता म्हणून दाखवली. कायदा म्हणून सगळ्यांनी ती ऐकली, फक्त काकू ऐकता ऐकता झोपली. बसूनं आपला दात हलतोय हे एका दिवसात इतक्यांदा जाहीर केलं, की शेवटी दात पडला तेव्हा कुणाला नवल वाटलं नाही. आम्ही दोघांनी एकाच वेळी हाका घातल्या तर पहिलं कोण, यावर अप्पांनी जेवण थांबवून निकाल दिला, तोही उर्दूत. काकांनी तर हद्दच केली. रंगावरून हुज्जत घालणाऱ्या एका गिऱ्हाइकापुढं ते उठून उभे राहिले आणि त्यांनी असं काही खणखणीत ओयेज घातलं, की ते गिऱ्हाईक चपला हातात घेऊनच पेठेबाहेर गेलं. एकट्या अव्वानं तो शब्द कधी उच्चारला नाही. मी तिला म्हटलं, “अव्वा, तूबी म्हण की एकदा.” ती डाळ निवडत होती. “मला काय सांगायचंय?” ती म्हणाली आणि खडा परसात फेकला.

कायदा बुडाला तो धपाट्यांमुळं. काका सोमवारचा उपास कडक पाळत, निदान पेठेचा तसा समज होता. अशा एका सोमवारी तहसिलीतले एक पेशकार दुकानात गादीवर टेकले होते आणि काका त्यांना उपासाचे फायदे सांगत होते. बसू मागून आला, त्यानं रीतसर तीन हाका घातल्या आणि जाहीर केलं, “आमच्या बाबांनी मघाशी गठ्ठ्यामागं बसून दोन धपाटे खाल्ले. वर दही.” कायद्याप्रमाणं त्याचं बोलणं संपेपर्यंत कुणीच मधे बोललं नाही. काकासुद्धा नाही, हे त्यांच्या बाजूनं लिहायलाच हवं. पेशकार गेल्यावर मात्र त्यांनी गज आपटला. “आजपासनं ह्या घरात त्यो शबुद बंद! कुणी काढला तर टंगडं मोडीन.”

अप्पा हळूच म्हणाले, “दादा, कायदा ज्या हाकंनं आला त्याच हाकंनं जातो. रद्द करायचा तर तुम्ही तीनदा म्हणून रद्द करा.”

“शबुद बंद करायला त्योच शबुद काढू? येडा झालास का शिवलिंगा?” काका म्हणाले. त्यांनी तो काही काढला नाही. पण त्या दिवसापासून घरात ओयेज ऐकू आलं नाही, आणि आमचा कालवा पूर्ववत सुरू झाला.

हे सगळं चाललं असताना माझ्यापुढं खरा प्रश्न वाढत होता. गावातली मुलींची शाळा चौथीला संपे, आणि माझी चौथी होऊन बरेच दिवस झाले होते. पुढं शिकायचं तर उर्दू शाळा तालुक्याला, मुलग्यांच्या घोळक्यात. तिथं मला कोण पाठवणार? अव्वाची धाकटी बहीण सोलापूरला होती. दिवाळीला येऊन ती सांगून गेली, “पोरीला माझ्याकडं द्या, मराठी शाळा आमच्या दाराशी हाय.” मी त्या दिवसापासून मनानं सोलापूरला राहायला गेले होते. तिथल्या शाळेला घंटा असते, असं मावशी म्हणाली होती. मला झोपेतही ती घंटा ऐकू यायची. अप्पा म्हणाले, “बघू.” वकिलाचं “बघू” म्हणजे तारीख पडली असं समजायचं. आणि काकांच्या मनात भलतंच होतं. कल्याणी गावचं एक तालेवार घर, तेलाचे घाणे, मुलगा कामाला वाघ. घरातले वडीलधारे वीरभद्रप्पा येळवशीला आमच्या शेतात जेवायला यायचे ठरले. पोरगी बघतील, जेवतील आणि जेवणावर सुपारी फोडतील. आमच्याकडं अडकित्त्यात सुपारी फुटली की बोलणं पक्कं; मग ब्रह्मदेव आला तरी मागं फिरता येत नाही.

मी अप्पांना गाठून सरळ विचारलं. ते जोडा घालत होते. ते जोड्याचीच धूळ झटकत राहिले. “दादांनी ठरवलंय,” ते म्हणाले. मला संताप आला. अदालतीत समोरच्याची वाचा बसवणारे अप्पा थोरल्या भावापुढं असे मुके का होतात, ते तेव्हा कळत नव्हतं. आज कळतं. माझे आजोबा लवकर गेले. काकांनी पाठीवर कापडाचे गठ्ठे वाहून, बाजारामागून बाजार करून अप्पांना हैदराबादेला शिकवलं होतं. त्या पाठीपुढं अप्पांना नाही म्हणता येत नव्हतं. मी दुकानातल्या गठ्ठ्यांमागं बसून, म्हणजे काकांच्या धपाट्यांच्या जागी, पोटभर रडले. अव्वानं मला तिथं पाहिलं. त्या संध्याकाळी तिनं एकही भांडं वाजवलं नाही, आणि मला त्याचीच जास्त भीती वाटली.

येळवस उजाडली ती अशी थंडी घेऊन, की बैलांच्या तोंडातून वाफ निघत होती. गाड्या भरून आम्ही शेतात गेलो. ज्वारी माझ्या डोक्याच्या वर गेलेली, हरभरा घाट्यांनी लगडलेला. कडब्याच्या पेंढ्यांची कोप उभी केली होती, तिच्यात चुन्यानं रंगवलेले पाच दगड म्हणजे पांडव. आंबिलाच्या मडक्यावर दव, खिरीचा दरवळ, शेंगांच्या पोळ्यांची चवड, बाजरीचे उंडे. आणि मधोमध मोठ्या पातेल्यात भज्जी. या भज्जीशिवाय येळवस होत नाही. पालेभाज्या, तुरी, वाल, हरभरा, जे जे रानात हिरवं ते ते तिच्यात. पोरीच्या हातची चव कळावी म्हणून ती भज्जी माझ्याकडून करवली होती. काकू म्हणाली होती, “मीठ मातुर शेवटाला घाल.” शेवट आला तेव्हा मला लुगडं नेसायला नेलं. परत आले तर पातेलं गाडीत चढलं होतं.

वीरभद्रप्पा पांढऱ्या मिशांचे, धिप्पाड आणि आनंदी म्हातारे. आंबील शिंपडताना “ओलगे, ओलगे” त्यांनीच सगळ्यांत मोठ्यानं म्हटलं. पंगत बसली. मी पहिला घास घेतला. भज्जी पूर्ण अळणी! पाहुण्यांकडं पाहिलं तर ते बोटं चाटत होते. “वा! हात चांगला हाय पोरीचा,” वीरभद्रप्पा म्हणाले आणि त्यांनी आणखी वाढून घेतली. त्यांच्यामागं सगळ्या पंगतीनं वा वा केली. काकूनं माझ्याकडं पाहिलं, मी काकूकडं पाहिलं. असल्या कौतुकाची मला तेव्हाच शिसारी आली. एवढी माणसं, आणि तोंडातली चव कुणी बोलत नाही.

जेवणं झाली. पुरुषमाणसं आंब्याखाली घोंगडीवर बसली, बायका कोपीच्या सावलीला. पोरं बैलांच्या शिंगांना गोंडे बांधत दंगा करत होती, भांडी घासली जात होती, चार जणांची चार बोलणी चालली होती. काकांनी कमरेची चंची सोडली. लाल टणक सुपारी निवडून काढली, ती अडकित्त्यात धरली आणि वीरभद्रप्पांना म्हणाले, “मग? फोडू म्हणता?”

“ओयेज.”

आवाज इतका हलका होता की मला वाटलं, माझ्याच मनातला असेल. मी मान वळवली. अव्वा उभी होती. पदर नाकापर्यंत ओढलेला, एका हातात उष्टं उलथनं तसंच. तिच्या जवळ बसलेल्या काकूनं आ वासला. बाकी कुणाचं लक्ष नव्हतं.

“ओयेज!”

ही हाक लांब गेली. पोरं गप्प झाली, भांडी थांबली, वीरभद्रप्पांच्या मिशीवरचा हात थांबला. काकांनी इकडं पाहिलं. थोरल्या दिरासमोर माझी आई जन्मात पहिल्यांदा बोलली होती, तेही परक्या माणसांदेखत, आणि तेही बंदी घातलेला शब्द. काकांचा चेहरा लाल झाला, पण अडकित्ता तसाच राहिला. आता एकच हाक उरली होती. अव्वाचे ओठ हलले. आवाज आला नाही. तिनं पुन्हा प्रयत्न केला. नुसताच श्वास बाहेर आला. दोन हाकांनी काही होत नाही, हे आमच्या घरातल्या लहान पोरालाही पाठ होतं. मला तिच्याऐवजी ओरडावंसं वाटलं आणि माझीच जीभ टाळ्याला चिकटली. काका खाकरले. “बायकांचा चालूंद्या वं त्यांचा कालवा,” ते पाहुण्यांना म्हणाले आणि त्यांचा अंगठा अडकित्त्यावर दाबला जाऊ लागला.

“ओयेज!”

घोंगडीवरून अप्पा उठले होते. छातीवर हात, मान ताठ, जसे त्या पहिल्या संध्याकाळी उभे होते तसे. त्यांचा आवाज ज्वारीवरून शेजारच्या शेतात गेला आणि तिथली पंगतसुद्धा उठून बघू लागली.

“शिवलिंगा,” काका दबक्या आवाजात म्हणाले, “त्यो कायदा मी रद्द केलाय.”

“न्हाय केला, दादा,” अप्पा म्हणाले. शब्द वकिलाचे होते. “तीन हाकांनी रद्द करा म्हटलं व्हतं. तुम्ही केला न्हाय. कायदा चालू हाय.”

मग सगळे अव्वाकडं वळले. एवढं सगळं करून हिला सांगायचंय तरी काय? अव्वानं पदर जरासा मागं केला. “मला काय सांगायचं न्हाय,” ती म्हणाली. उलथनं उचलून तिनं माझ्याकडं दाखवलं. “ही बोलंल. ऐका.” आणि ती खाली बसली.

मी बोलायचं? एवढ्या माणसांत? गठ्ठ्यांमागं बसून मी किती भाषणं रचली होती! त्यातलं एक अक्षर आठवेना. सगळं शेत माझ्याकडं बघत होतं, आणि आमच्या घरात इतकी शांतता मी कधी ऐकली नव्हती. तोंडाला आलं ते बोलले. “मला सोलापूरला मावशीकडं शाळंत जायाचंय. मला आत्ता लगीन नगं. मी अजून लई शिकायची हाय. अन् भज्जीत मीठच न्हाय, मघापासनं कुणी सांगंनाच!”

कायद्याप्रमाणं माझं संपेपर्यंत कुणी बोललं नाही. मग वीरभद्रप्पांचं पोट हलायला लागलं, मागून मिशा, आणि शेवटी ते असे हसले की त्यांना ठसका लागला. “आगं माझ्या बाई! मी लाजंकाजं दोनदा वाढून घेतली की गं! मला वाटलं, ह्यांच्याकडं अशीच करत्यात.” डोळे पुसून ते काकांकडं वळले. “सावकार, सुपारी ठिवा चंचीत. येवढं खरं बोलणाऱ्या पोरीला आमच्याकडं कोण झेपवून घील? शिकूंद्या. आता जरा मीठ आणा, उरलेली भज्जी खाऊन दावतो.”

आणि त्यांनी ती खाल्ली. काकांनी सुपारी अख्खीच्या अख्खी चंचीत टाकली आणि बैलांकडं निघून गेले. ते अप्पांशी बोलेनात, ते थेट संक्रांतीपर्यंत. संक्रांतीला मात्र अप्पांनी तिळगूळ पुढं केला तेव्हा त्यांचा नाइलाज झाला. त्यांनी वडी तोंडात टाकली, सावकाश चावली आणि भावाला म्हणाले, “पोरगी जाईल तवा दोन परकराचं कापड दुकानातनं घेऊन जा. तिकडं थंडी लई असती म्हणं.” सोलापुरात आणि थंडी! पण मी काकांना त्या दिवशी मनापासून माफ केलं, आणि त्या कापडाचा रंगही पक्का निघाला.

आमच्या मुलखात पुढं निजामाचं राज्य जाताना जे दिवस आले, त्यांच्याबद्दल पुष्कळांनी लिहिलंय आणि ते लिहायलाच हवं होतं. अळणी भज्जीबद्दल मात्र मी सोडून कुणी लिहिणार नव्हतं. मी शिकले, शिकवलं. वर्गात पोरींनी गलका केला की कैकदा तो शब्द ओठावर आला, पण मी तो वापरला नाही. एकदा सुट्टीत अव्वाला विचारलं होतं, “त्या दिवसानंतर तू पुन्हा कधी म्हणाली न्हाईस?” ती विळीवर दोडका चिरत होती. म्हणाली, “इळी सारखी शेजारणीला दिली की तिची धार जाती.”

आणि हे त्याच्याही आधीचं, मला सोलापूरला पोचवायला अप्पा आले तेव्हाचं. मोटार निजामाची हद्द ओलांडायच्या आधी करोडगिरीच्या, म्हणजे जकातीच्या, नाक्यावर थांबली. शिपायानं आमचं गाठोडं सोडून कडक भाकऱ्या बोटानं वाजवून बघितल्या, शेंगाची चटणी हुंगली, त्यातली चिमूटभर तोंडात टाकली आणि आम्हाला जायला सांगितलं. निघताना अव्वा दारात उभी होती. तिनं काही म्हटलं नव्हतं. नुसता तांब्या उंबऱ्यावर ठेवला होता, इतका हळू की आवाजच झाला नाही. तो न झालेला आवाज माझ्या कानातून जात नव्हता. रडू आवरायला म्हणून मी अप्पांना विचारलं, “तुम्ही काकांपुढं कधी बोलत न्हाई. मग त्या दिवशी तिसरी हाक तुम्ही कशी घातली?”

अप्पा सोडलेलं गाठोडं पुन्हा बांधू लागले. मला वाटलं, आता पुस्तकातलं काहीतरी सांगतील.

“लगीन होऊन आल्यापासनं तिनं माझ्याकडं कधी काय मागितलं न्हवतं,” ते म्हणाले. “त्या दिवशी दोनदा मागितलं. तिसऱ्यांदाबी तिनंच मागायचं व्हय?”